डेव्हिड ससून : स्थलांतर, संपत्ती आणि दान

१

महाड तालुक्यातील बिरवाडी हे गाव काळ नदीच्या खोऱ्यात, सह्याद्रीच्या पायथ्याजवळ वसलेले आहे. या गावाचा बाह्य जगाशी संबंध पूर्वापार दोन दिशांनी येत असे. पूर्वेस वरंधा घाट चढून भोरमार्गे पुणे गाठता येते. पश्चिमेस महाड व दासगाव येथून सावित्रीच्या खाडीने बाणकोटास आणि तेथून समुद्रमार्गाने मुंबईस जाता येई. या दोन्ही वाटांच्या शेवटी एकच नाव भेटते, ही गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे. पुण्यास ससून रुग्णालय आहे. मुंबईस ससून गोदी आहे, काळ्या घोड्याजवळ ससून ग्रंथालय आहे, आणि विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत ससून घराण्याच्या गिरण्याही होत्या.

लोकांच्या बोलण्यात हे नाव कसे वावरते, तेही पाहण्यासारखे आहे. पुण्यात ‘ससूनला नेले’, ‘ससूनमध्ये ठेवले’ असे म्हटले जाते. ‘रुग्णालय’ हा शब्द उच्चारण्याची गरज कोणास वाटत नाही. मुंबईच्या मासळीबाजारात ‘ससून डॉक’ हे एखाद्या गावाच्या नावासारखे उच्चारले जाते. विशेषनामाचे असे स्थळनामात रूपांतर होणे ही भाषेतील नित्याची प्रक्रिया होय. मात्र या प्रक्रियेत नाव टिकते आणि व्यक्ती पुसली जाते. ‘ससूनला नेले’ असे म्हणणाऱ्या माणसास ससून ही व्यक्ती होती, ती बगदादहून आली होती आणि तिची संपत्ती मुख्यतः अफूच्या व्यापारातून उभी राहिली होती, हे ठाऊक असण्याचे कारण नसते. इतिहासाच्या अभ्यासकास मात्र नाव आणि जमाखर्च ही दोन्ही एकत्र वाचावी लागतात. तसे वाचन करून या दानशूर व्यापाऱ्याचे स्थान ठरविणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

२

डेव्हिड ससून यांचा जन्म १७९२ मध्ये बगदाद येथे झाला. त्यांचे वडील शेख ससून बिन सालेह हे तेथील ज्यू समाजाचे प्रमुख असून तुर्की सुभेदारांचे मुख्य सराफ होते. हा ‘सराफ’ शब्द मूळ अरबी. मराठीत तो फारसीच्या द्वारे आला आणि पेठेतील दुकानापर्यंत पोहोचला. ‘दलाल’, ‘खजिना’, ‘अफू’ या शब्दांचा प्रवासही त्याच दिशेने झालेला आहे. महाड तालुक्यात ‘कांबळे तर्फ बिरवाडी’ असे एका गावाचे नाव आहे. त्यातील ‘तर्फ’ हाही अरबी ‘तरफ’च होय. तात्पर्य, बगदादच्या पेढीवरील परिभाषा आणि कोकणातील दप्तराची परिभाषा यांचे नाते ससून मुंबईस येण्यापूर्वी कित्येक शतके जुळलेले होते. अरबी समुद्राच्या दोन तीरांवरील माणसे परस्परांना जितकी परकी वाटतात, तितकी ती व्यवहारात नव्हती.

दाऊद पाशा १८१७ मध्ये बगदादच्या सुभेदारीवर आला आणि ससून घराण्याचे दिवस फिरले. वडिलांचे पद गेले. पुढे डेव्हिड यांस कैद सोसावी लागली आणि १८२९ च्या सुमारास त्यांनी बगदाद सोडले. बसऱ्यावरून ते इराणी आखातातील बुशहर बंदरात गेले. तेथे मुंबईशी व्यापार करणारे लोक होते, आणि ईस्ट इंडिया कंपनीचा निवासी अधिकारीही होता. १८३२ मध्ये ते सहकुटुंब मुंबईस आले. त्या वेळी त्यांचे वय चाळीस वर्षांचे होते. म्हणजे ज्या वयात प्रतिष्ठित घरातील मनुष्य वडिलोपार्जित पेढी चालवीत बसतो, त्या वयात त्यांना परक्या शहरात नव्याने आरंभ करावा लागला.

आगमनाचा हा काळ व्यापाराच्या दृष्टीने महत्त्वाचा होता. १८१३ च्या सनदेने हिंदुस्थानच्या व्यापारातील कंपनीचा मक्ता संपला होता. १८३३ च्या सनदेने चीनच्या व्यापारातील मक्ताही गेला. खासगी व्यापाऱ्यास पूर्वेकडील समुद्र मोकळा झाला. फोर्टमधील एका लहान पेढीतून ससून यांनी आखाताकडे कापड पाठविणे व तिकडचा माल आणणे हा व्यवहार सुरू केला. हळूहळू ते लहान व्यापाऱ्यांना कर्जाऊ रकमा देऊ लागले आणि शहरातील जमीनजुमल्यात पैसा गुंतवू लागले. गुंतवणुकीतील त्यांचे धोरण सावध होते. १८६१ ते १८६५ या अमेरिकन यादवीच्या काळात कापसाच्या तेजीमुळे मुंबईत सट्ट्याची साथ पसरली आणि १८६५ मध्ये अनेक नामांकित पेढ्या बुडाल्या. ससून यांची पेढी त्या वावटळीतून सुरक्षित बाहेर पडली.

पेढीची रचना कुटुंबावर आधारलेली होती. डेव्हिड यांना आठ पुत्र होते. त्यांना निरनिराळ्या बंदरांत पाठवून त्यांनी व्यापाराचे जाळे विणले. दुसरे पुत्र एलियास १८४४ मध्ये चीनला गेले आणि पुढे शांघाय हे त्या पेढीचे मोठे केंद्र झाले. कारकून व मुनीम बहुधा बगदाद-बसरा येथील ज्यू कुटुंबांतून आणले जात. घरातील पत्रव्यवहार बगदादी ज्यूंच्या अरबी बोलीत, परंतु हिब्रू लिपीत होत असे. मराठी व्यापारी ज्याप्रमाणे हिशेबाच्या वह्या मोडीत लिहीत, त्याच स्वरूपाची ही व्यवस्था होती. बाहेरच्या माणसास सहजी न वाचता येणारी लिपी हे पेढीच्या गुप्ततेचे साधन होते आणि समाजाच्या एकतेचे चिन्हही होते. स्वतः डेव्हिड यांना इंग्रजी येत नव्हते. १८५३ मध्ये त्यांना ब्रिटिश नागरिकत्व मिळाले, तेव्हा त्यांनी सही केली ती हिब्रू अक्षरांत. अखेरपर्यंत त्यांनी बगदादी पोशाख सोडला नाही.

३

या संपत्तीचा मुख्य झरा कोणता, हा प्रश्न येथे टाळता येत नाही. कापूस, सूत, कापड, रेशीम, चहा अशा अनेक वस्तूंचा व्यापार पेढी करीत असे. परंतु चीनकडे जाणारी अफू हा त्यांतील सर्वांत फायद्याचा भाग होता.

हिंदुस्थानात अफूची दोन प्रमुख क्षेत्रे होती. बंगाल-बिहारकडील अफू कंपनीच्या मक्त्यात होती. माळव्याची अफू मात्र संस्थानी मुलखात पिके आणि तिचा व्यापार खासगी हातांत असे. प्रारंभी ही अफू कंपनीस चुकवून पोर्तुगिजांच्या दमण बंदरातून बाहेर जाई. तिला आळा घालणे जमेना, तेव्हा १८३० नंतर कंपनीने परवाना-शुल्क आकारून तिला मुंबईची वाट मोकळी केली. १८४३ मध्ये सिंध जिंकला गेल्यावर कराचीकडील पर्यायी वाटही कंपनीच्या ताब्यात आली आणि मुंबई हे माळवी अफूचे प्रमुख बंदर झाले. ससून मुंबईस आले ते नेमके या व्यवस्थेच्या आरंभी.

येथे मराठी वाचकाने एक गोष्ट ध्यानी घ्यावी. माळव्यातील अफूचा मोठा भाग होळकर आणि शिंदे यांच्या मुलखांत पिकत असे. शेतकऱ्यास उचल देणारा गावचा सावकार, माल जमविणारा इंदूर-उज्जैनचा व्यापारी, सारा घेणारे संस्थान, परवाना-शुल्क घेणारी कंपनी आणि शेवटी जहाजावर पेट्या चढविणारी मुंबईची पेढी, अशी ही साखळी होती. ससून हे तिच्यातील एक बलवान दुवा होते. ते एकमेव नव्हते. त्यांच्या आधीच्या पिढीत सर जमशेदजी जीजीभाई यांनी याच व्यापारात अपार धन मिळविले आणि त्या धनातून १८४५ मध्ये मुंबईचे जे. जे. रुग्णालय उभे राहिले. एकोणिसाव्या शतकातील मुंबई-पुण्याच्या दोन मोठ्या रुग्णालयांच्या पायाशी चीनचा व्यापार आहे, हा योगायोग म्हणून सोडून देण्यासारखा विषय नाही.

चीनच्या सरकारने अफूवर बंदी घातलेली होती. तिच्या अंमलबजावणीतून १८३९ ते १८४२ चे पहिले युद्ध झाले. नानकिंगच्या तहाने पाच बंदरे खुली झाली व हाँगकाँग इंग्रजांकडे गेले. एलियास ससून यांचे चीनला जाणे या तहानंतर दोनच वर्षांनी घडते. दुसऱ्या युद्धाच्या ओघात १८५८ मध्ये अफूची आयात चीनला कायदेशीर मान्य करावी लागली. तेव्हा ससून यांचा व्यापार इंग्रजी कायद्याच्या दृष्टीने निषिद्ध नव्हता. परंतु ज्या देशात माल जात होता, त्या देशाच्या इच्छेविरुद्ध तो चाललेला होता.

‘त्या काळी यात कोणास वावगे वाटत नव्हते’ असा बचाव पुष्कळदा केला जातो. तो पुरा पडत नाही. दादाभाई नवरोजी १८५५ मध्ये कामा आणि कंपनीचे भागीदार म्हणून इंग्लंडला गेले. अफू आणि मद्य यांच्या व्यापारातील नफ्यास त्यांचा नैतिक आक्षेप होता आणि काही वर्षांतच ते त्या पेढीतून बाहेर पडले. म्हणजे मुंबईच्याच व्यापारी वर्गातील एका गृहस्थास जे दिसत होते, ते इतरांना दिसणे अशक्य नव्हते. इंग्लंडमध्येही या व्यापाराविरुद्ध चळवळ झाली. १८९३ मध्ये चौकशीसाठी आयोग नेमण्यात आला, आणि १९०७ च्या करारानंतर चीनकडील निर्यात क्रमाने बंद करण्यात आली. डेव्हिड ससून तोपर्यंत हयात नव्हते.

४

आता दानाची बाजू. उत्पन्नातील काही अंश धर्मादायासाठी वेगळा काढण्याची रीत ज्यू परंपरेत आहे, तशी ती हिंदी पेढ्यांवरही होती. वहीत ‘धर्मादाय’ असे खाते असे. ससून यांच्या दानाचा आरंभ स्वसमाजापासून झाला. बगदादहून येणाऱ्या निर्धन कुटुंबांना काम, निवारा आणि मुलांना शिक्षण देण्याची सोय पेढीने केली. भायखळ्यास ‘मागेन डेव्हिड’ हे प्रार्थनामंदिर त्यांनी बांधविले. ‘मागेन डेव्हिड’ म्हणजे डेव्हिडची ढाल. पुण्याचे ‘ओहेल डेव्हिड’, म्हणजे डेव्हिडचा तंबू, हे त्यांच्या मृत्यूनंतर १८६७ मध्ये पूर्ण झाले. पुणेकरांनी त्याचे नाव ‘लाल देऊळ’ असे ठेवले आहे. विटांचा रंग आणि पूजास्थानासाठी ओळखीचा शब्द, इतक्यावर हे नामकरण झाले.

स्वसमाजाबाहेरील दानांत मुलांसाठी स्थापन झालेली सुधारशाळा महत्त्वाची आहे. गुन्ह्यात सापडलेल्या बालकांना तुरुंगात न घालता हस्तव्यवसाय शिकवावा, या हेतूने १८५० नंतरच्या दशकात या संस्थेस ससून यांचा आधार मिळाला. माहीम येथील डेव्हिड ससून औद्योगिक शाळा ही तिचीच परंपरा. ग्रंथालयाची कथा वेगळी आहे. यंत्रशाळा व टांकसाळीतील कामगारांनी १८४७ मध्ये काढलेल्या संस्थेस इमारत हवी होती. सुमारे सव्वा लाख रुपये खर्चापैकी साठ हजार रुपये ससून यांनी दिले आणि १८७० मध्ये इमारत पुरी झाली. पुण्याच्या सार्वजनिक रुग्णालयाची पायाभरणी १८६३ मध्ये झाली. ते १८६७ मध्ये सुरू झाले तेव्हा त्यात १४४ रुग्णांची सोय होती. पुढे बी. जे. वैद्यकीय महाविद्यालय त्यास जोडले गेले. येरवड्याच्या तुरुंगात असलेल्या महात्मा गांधींवर १२ जानेवारी १९२४ रोजी अांत्रपुच्छाची शस्त्रक्रिया झाली, ती याच रुग्णालयात. १८६४ च्या नोव्हेंबरमध्ये पुण्यातच डेव्हिड ससून यांचे निधन झाले. लाल देवळाच्या आवारात त्यांची समाधी आहे.

या दानामागील प्रेरणा एकपदरी नव्हती. धर्माज्ञा होती, तशीच स्थलांतरिताची गरजही होती. बगदादमध्ये राजकर्त्याची मर्जी फिरताच पिढ्यानुपिढ्यांचे स्थान एका दिवसात कसे नाहीसे होते, हे त्यांनी अनुभवले होते. नव्या राज्यात पाय घट्ट रोवण्याचे दोन उपाय होते : राजनिष्ठा आणि लोकोपयोगी कार्य. दोन्ही त्यांनी अवलंबिले. १८५७ च्या उठावात त्यांनी सरकारास ज्यू स्वयंसेवकांचे दल उभारून देण्याची तयारी दर्शविली. रुग्णालय, शाळा, ग्रंथालय या संस्था सरकारच्या सहकार्याने उभ्या राहिल्या. त्यामुळे दानाबरोबर प्रतिष्ठाही आली. ज्यांची पाळेमुळे या मातीत नव्हती, त्यांनी या मातीत दगडी इमारती उभ्या केल्या. या विधानाने दानाचे मोल कमी होत नाही. दानाचा लाभ रोग्यास झाला, तो दात्याच्या हेतूवर अवलंबून नव्हता.

५

तथापि या औदार्याच्या मर्यादाही पाहिल्या पाहिजेत, आणि त्या दाखविणारी साक्ष कुलाबा जिल्ह्यातच सापडते. १९८१ पासून ‘रायगड’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या या जिल्ह्याच्या किनाऱ्यावर बेने इस्राएल समाज शतकानुशतके नांदत आला. तेल गाळणे हा त्यांचा पारंपरिक व्यवसाय. शनिवारी घाणा बंद म्हणून ते ‘शनिवार तेली’ म्हणून ओळखले जात. पेणकर, रोहेकर, किहीमकर, चेऊलकर ही त्यांची आडनावे आणि मराठी ही त्यांची मातृभाषा. मुंबईतील पहिले ज्यू प्रार्थनामंदिर १७९६ मध्ये सॅम्युएल इझेकियल दिवेकर यांनी बांधले, आणि बगदादहून आलेले ज्यू प्रारंभी तेथेच प्रार्थनेस जात.

धर्म एक असूनही दोन्ही समाजांत अंतर पडत गेले. १८३६ मध्येच बगदादी ज्यूंनी सामाईक दफनभूमीत भिंत घालून आपला भाग वेगळा करण्याची मागणी सरकारकडे केली. पुढेही धर्मविधी व विवाहसंबंध यांत बेने इस्राएलांना समान मानण्यास बगदादी समाज खळखळ करीत राहिला. कोकणातील लोकांस ही रीत ओळखीची वाटावी. पाणवठा, पंगत आणि स्मशान यांवरून माणसांची प्रतवारी ठरविण्याची पद्धत नव्याने आलेल्या समाजानेही किती लवकर आत्मसात केली, याचे हे उदाहरण आहे.

दुसरी मर्यादा पुढील पिढ्यांच्या काळातील आहे. डेव्हिड यांच्या मृत्यूनंतर ज्येष्ठ पुत्र अब्दुल्ला ऊर्फ अल्बर्ट यांनी मूळ पेढी सांभाळली व १८७५ मध्ये ससून गोदी बांधून पुरी केली. एलियास यांनी १८६७ मध्ये आपली स्वतंत्र पेढी काढली आणि तिच्या वंशजांनी मुंबईत गिरण्यांचा मोठा समूह उभारला. या काळात कोकणातून हजारो माणसे गिरणगावात जात होती. महाड-पोलादपूरच्या खोऱ्यांतील कुटुंबेही त्यांत होती. मुंबईच्या गिरण्यांत त्या काळी अस्पृश्य कामगारांना विणाई खात्यात प्रवेश नसे. मजुरी अधिक ती याच खात्यात. बाबासाहेब आंबेडकर यांनी २० मार्च १९२७ रोजी महाडच्या चवदार तळ्याचे पाणी प्राशन केले आणि पुढच्याच वर्षीच्या सार्वत्रिक संपात विणाई खात्याचा प्रश्न पुढे आणला. तळे आणि विणाई खाते हे एकाच प्रश्नाचे दोन अंक होते. गिरणीमालकांच्या दानधर्माने या प्रश्नास हात घातला नव्हता. दान दवाखान्याच्या दारी पोहोचले. कारखान्यातील रूढीपाशी ते थांबले.

ई. डी. ससून समूहाच्या गिरण्या १९४३ मध्ये विकल्या गेल्या. त्या ‘इंडिया युनायटेड मिल्स’ या नावाने चालल्या व कालांतराने सरकारी महामंडळाकडे गेल्या. त्यांतील सहा क्रमांकाची गिरणी लोकांच्या तोंडी ‘इंदू मिल’ झाली. त्या जागेवर आंबेडकर-स्मारक उभारण्यासाठी २०१५ मध्ये पायाभरणी झाली.

६

लोकस्मृतीचा व्यवहार असा विलक्षण असतो. अल्बर्ट ससून यांनी १८७९ मध्ये मुंबईस युवराजांचा अश्वारूढ पुतळा दिला. लोकांनी दाता सोडला, युवराज सोडला आणि घोडा तेवढा ठेवला. १९६५ मध्ये तो पुतळा हलविण्यात आला, तरी त्या ठिकाणाचे ‘काळा घोडा’ हे नाव कायम राहिले. ‘ससून’ या नावाचेही तेच झाले आहे. नाव व्यवहारात रुळले, तेव्हा त्यातील अर्थ गळून पडला. तो अर्थ पुन्हा भरून काढण्याचे काम भाषेचे नाही, इतिहासाचे आहे.

तो भरताना दोन शब्दांतील फरक उपयोगी पडेल. संस्कृत ‘दान’ हा शब्द ‘देणे’ या क्रियेपासून झालेला आहे. त्यात घेणाऱ्याचा हक्क सूचित होत नाही. ससून यांच्या धर्मपरंपरेतील ‘त्सदाका’ हा हिब्रू शब्द मात्र न्याय, नीती या अर्थाच्या धातूपासून आला आहे. अरबी ‘सदका’ हा त्याचाच भाऊबंद. या अर्थाने देणे म्हणजे ऋण फेडणे. ही कसोटी लावली असता डेव्हिड ससून यांच्या चरित्रातील खरी अडचण उघड होते. ऋण ज्यांचे होते आणि फेड ज्यांना मिळाली, ते लोक वेगळे होते. धन आले ते माळव्याच्या शेतातून आणि चीनच्या अफूबाजांच्या घरांतून. ते परतले मुंबई-पुण्याच्या रोग्यांकडे, बालकांकडे आणि वाचकांकडे. पुण्याच्या रुग्णालयाने कॅन्टनमधील कोणत्याही कुटुंबाचे नुकसान भरून निघाले नाही.

म्हणून केवळ गौरव किंवा केवळ निषेध ही दोन्ही टोके सोडावी लागतात. निर्वासित म्हणून आलेल्या एका कर्तबगार पुरुषाने आपल्या आश्रयभूमीस टिकाऊ संस्था दिल्या, हे निर्विवाद आहे. त्या संस्थांचा खर्च दूरच्या एका जनतेने, तिला न विचारता, सोसला हेही तितकेच निर्विवाद आहे. त्या साखळीत माळव्याचे मराठी संस्थानिक व देशी सावकारही असल्यामुळे हा हिशेब एकट्या परदेशी व्यापाऱ्याच्या नावे मांडणे उचित होणार नाही. आजही घाट चढून कोणी रोग्यास ‘ससूनला’ नेतो, तेव्हा त्याला मिळणारा उपचार खराच असतो. त्यासाठी त्याने कोणाचे देणे लागण्याचे कारण नाही. या हिशेबाची जबाबदारी त्याच्याकडे येत नाही. ती इतिहास लिहिणाऱ्यांकडे येते, आणि मुंबईच्या व्यापारी दानधर्माचा विचार करताना माळवा आणि चीन ही दोन प्रकरणे त्याच ग्रंथात बांधल्यावाचून ती पुरी होत नाही.